पडद्यावरचा कृष्ण आणि सचिवालयातला माणूस
(अभ्यासलेख : नट राजकारणात येतो तेव्हा)

मागच्या महिन्यात आपल्या मंडळाच्या बैठकीत एका विद्यार्थ्यानं मेक्सिकोच्या एदुआर्दो वेरास्तेगी या नटावर टिपण वाचलं. हा माणूस आधी गाण्याच्या बँडमध्ये, मग टीव्ही मालिकांत, मग सिनेमात. पुढे तो कट्टर कॅथलिक कार्यकर्ता झाला. त्याच्या मतांवरून तिकडे मोठे वाद झाले. २०२३ मध्ये त्यानं राष्ट्राध्यक्षपदासाठी अपक्ष उभं राहायचं ठरवलं. त्यासाठी साडेनऊ लाखांहून जास्त मतदारांच्या सह्या हव्या होत्या. त्या जमल्या नाहीत आणि विषय तिथंच संपला.

टिपण संपल्यावर मागच्या बाकावरून एक मुलगी म्हणाली, "सर, आपल्याकडे असं कोणी झालंय का हो?" दोन-तीन तेलुगू मुलं हसायलाच लागली. कारण आपण बसलो होतो सिकंदराबादेत. इथून हुसेनसागर हाकेच्या अंतरावर, आणि त्याच्या काठावर ज्यांची समाधी आहे ते नंदमूरि तारक रामाराव म्हणजे या प्रश्नाचं सगळ्यात मोठं उत्तर. पण हसणं थांबल्यावर माझ्या लक्षात आलं, आपल्या मराठी घरांतल्या बऱ्याच मुलांना 'एन.टी.आर.' म्हणजे आताचा तरुण हिरो एवढंच ठाऊक आहे. आजोबा माहीत नाहीत, नातू माहीत आहे! म्हणून हा लेख.

माझा प्रश्न साधा आहे. प्रसिद्धी तर वेरास्तेगीकडेही होती. मग एकाला सह्यासुद्धा मिळत नाहीत आणि दुसरा पक्ष काढून नऊ महिन्यांत मुख्यमंत्री होतो, हे कसं? आणि झाल्यावर त्याचं माप कशानं काढायचं?

१. निम्मकूरूचा मुलगा

रामारावांचा जन्म २८ मे १९२३ रोजी कृष्णा जिल्ह्यातल्या निम्मकूरू या खेड्यात, शेतकरी घरात झाला. विजयवाड्यात शिकताना ते हॉटेलांना दूध घालत. तिथल्या कॉलेजात तेलुगूचे मोठे साहित्यिक विश्वनाथ सत्यनारायण त्यांचे शिक्षक होते. नाटकात स्त्रीभूमिका करायची होती आणि या पठ्ठ्यानं मिशी काढायला नकार दिला! मिशीसकट नागम्मा उभी केली आणि 'मीसाल नागम्मा', म्हणजे मिशीवाली नागम्मा, हे टोपणनाव मिळवलं. बालगंधर्वांची परंपरा सांगणाऱ्या आपल्या मराठी माणसांना हे ऐकून गंमत वाटेल. पण स्वभावाची खूण इथंच दिसते. भूमिका करीन, पण माझ्या अटीवर.

पुढे ते गुंटूरच्या आंध्र ख्रिश्चन कॉलेजात पदवीसाठी गेले. लुथरन मिशनऱ्यांनी काढलेलं ते कॉलेज. आपल्यासारख्याच मिशनच्या कॉलेजातून हा माणूस बाहेर पडला, हे आपल्या विद्यार्थ्यांनी लक्षात ठेवायला हरकत नाही. १९४७ मध्ये त्यांना गुंटूर जिल्ह्यात सब-रजिस्ट्रारची सरकारी नोकरी लागली. ती त्यांनी काही आठवड्यांतच सोडली आणि मद्रास गाठलं. तेव्हा तेलुगू सिनेमा मद्रासेत तयार होत असे. ही गोष्ट पुढे महत्त्वाची आहे.

२. देव कसा घडला

१९४९ च्या 'मन देशम'मध्ये त्यांनी छोटीशी पोलीस अधिकाऱ्याची भूमिका केली. १९५१ च्या 'पाताळ भैरवी'नं नाव झालं. आणि १९५७ मध्ये आला 'मायाबाजार'. त्यातला कृष्ण लोकांना इतका पटला, की पुढं सतरा चित्रपटांत त्यांनी कृष्ण केला. १९६० मध्ये 'श्री वेंकटेश्वर माहात्म्यम'मध्ये ते बालाजी झाले, १९६३ च्या 'लवकुश'मध्ये राम. त्यांच्या रामकृष्णाच्या तसबिरी घराघरांत लागल्या. तिरुपतीला आलेले यात्रेकरू दर्शन आटोपून बसनं मद्रासला जायचे आणि त्यांच्या बंगल्यासमोर उभे राहायचे. देवाचं दर्शन झालं, आता देवाला चेहरा देणाऱ्याचं.

इथं एक चूक टाळायला हवी. 'त्यांनी देव केले म्हणून लोकांनी मतं दिली' हे उत्तर अपुरं आहे. देव तर पुष्कळांनी केले. आणि रामारावांनी रावणही केला, दुर्योधनही केला, नुसता केला नाही तर रुबाबात केला. 'नर्तनशाला'त तर ते बृहन्नडा झाले. १९७७ चा 'दानवीरशूर कर्ण' त्यांनी स्वतः दिग्दर्शित केला आणि त्यात कर्ण, दुर्योधन आणि कृष्ण अशा तिन्ही भूमिका एकट्यानं केल्या. त्यात दुर्योधनाचं एक गाजलेलं भाषण आहे. कर्णाची जात विचारणाऱ्यांना तो सुनावतो, की कसोटी पराक्रमाची असताना कुळ कुठून काढता? आंध्रातल्या गावोगाव ते भाषण पोरांना पाठ होतं. शिवाजी सावंतांचा 'मृत्युंजय' १९६७ चा. म्हणजे साधारण एकाच काळात मराठी वाचक आणि तेलुगू प्रेक्षक कर्णाच्या बाजूनं उभे राहत होते. ते भाषण ध्यानात ठेवा, आपण त्याच्याकडं परत येणार आहोत.

३. बेगमपेट ते चैतन्यरथम

आता राजकारण. १९७८ ते १९८३ या पाच वर्षांत काँग्रेसनं आंध्र प्रदेशला चार मुख्यमंत्री दिले. चेन्ना रेड्डी, अंजय्या, भवनम वेंकटराम रेड्डी, कोट्ल विजयभास्कर रेड्डी. नाव दिल्लीत ठरायचं. फेब्रुवारी १९८२ मध्ये राजीव गांधी हैदराबादला आले तेव्हा मुख्यमंत्री अंजय्या लवाजमा आणि हारतुरे घेऊन बेगमपेट विमानतळावर गेले. हा गोंधळ राजीव गांधींना आवडला नाही. त्यांनी तिथंच, सगळ्यांसमोर, मुख्यमंत्र्यांना झापलं. थोड्याच दिवसांत अंजय्यांचं पद गेलं. बेगमपेट म्हणजे आपल्या कॉलेजपासून रिक्षानं जाण्याचं अंतर. राज्याचं राजकारण त्या धावपट्टीवर वळलं असं म्हटलं तर फारसं चुकणार नाही.

२९ मार्च १९८२ ला रामारावांनी हैदराबादेत तेलुगू देशम पक्ष काढला. त्यांचा शब्द होता 'आत्मगौरवम', तेलुगू माणसाचा स्वाभिमान. आपल्याला हा सूर नवा नाही. १९५२ मध्ये पोट्टी श्रीरामुलूंनी उपोषणात प्राण दिले, १९५३ मध्ये आंध्र राज्य झालं. आपल्याकडं संयुक्त महाराष्ट्राचा लढा झाला, त्यात आचार्य अत्र्यांसारखा नाटककार-सिनेमावाला माणूस सभा गाजवत होता, आणि १९६० मध्ये राज्य मिळालं. पण भाषेचं राज्य मिळूनही तेलुगू माणसाला उत्तरेत सरसकट 'मद्रासी'च म्हणत. त्याचा सिनेमासुद्धा मद्रासेत तयार व्हायचा. ते ठसठसणारं दुखणं रामारावांनी नेमकं ओळखलं.

आणि मग त्यांनी जे केलं ते वेरास्तेगीनं केलं नाही. जुन्या शेवरोले गाडीची 'चैतन्यरथम' केली. मुलगा हरिकृष्ण गाडी चालवायचा, हे टपावर उभे राहून बोलायचे. रस्त्याच्या कडेला अंघोळ, तिथंच जेवण, गाडीतच झोप. हजारो किलोमीटर, महिनोन्‌महिने. लोक 'अन्नगारू', म्हणजे थोरले दादा, म्हणू लागले. ते स्वतः बायकांना 'आडपडुचुलू' म्हणून हाक मारायचे. या शब्दाला मराठीत सगळ्यात जवळचा शब्द 'माहेरवाशिणी'. विचार करा, भर सभेत हजारो बायकांना कोणी 'माझ्या माहेरवाशिणींनो' म्हटलं तर काय होईल! भाऊ झाला की नातं झालं, आणि नातं झालं की मागणं आलं.

जानेवारी १९८३ च्या निवडणुकीत २९४ पैकी सुमारे २०० जागा मिळाल्या. ९ जानेवारीला लालबहादूर स्टेडियमवर, हजारो लोकांसमोर शपथ झाली. म्हणजे पहिल्या प्रश्नाचं माझं उत्तर असं : ओळख सिनेमानं दिली, पण मतं गावोगाव फिरून मिळाली, आणि आधीच्यांनी जागा मोकळी करून ठेवली होती. तिन्ही गोष्टी जुळाव्या लागतात.

४. खुर्चीवरची कामं

नटाचं माप त्याच्या सिनेमावरून काढतात, मुख्यमंत्र्याचं कामावरून. तेव्हा कामं पाहू.

पहिलं, दोन रुपये किलो तांदूळ. तिजोरीवर बोजा पडतो म्हणून अर्थतज्ज्ञांनी नाकं मुरडली. पण गरिबाच्या घरात रोज भात शिजू लागला. २०१३ मध्ये देशाच्या अन्नसुरक्षा कायद्यानं तीन रुपये किलोनं तांदूळ द्यायचं ठरवलं, म्हणजे तीस वर्षांनी दिल्ली त्याच वाटेनं आली.

दुसरं, गावचे वंशपरंपरागत अधिकारी त्यांनी काढले. तेलंगणात त्यांना पटेल-पटवारी म्हणत. महाराष्ट्रात पाटील-कुलकर्ण्यांची वतनं आधीच गेली होती, इथं ती मोडायला १९८४ उजाडावं लागलं. मग तालुक्याऐवजी छोटी मंडलं केली, राज्यभर अकराशेच्या आसपास. सरकारी कचेरी गावापासून एका बसच्या अंतरावर आली.

तिसरं काम आपल्याशी थेट जोडलेलं आहे. मद्रासला प्यायला पाणी देण्यासाठी महाराष्ट्र, कर्नाटक आणि आंध्र यांनी कृष्णेच्या आपापल्या वाट्यातून प्रत्येकी ५ टीएमसी द्यायचं १९७६ मध्ये ठरलं होतं. त्यासाठीचा तेलुगू गंगा कालवा १९८३ मध्ये रामाराव आणि एम. जी. रामचंद्रन या दोन नट-मुख्यमंत्र्यांनी इंदिरा गांधींच्या उपस्थितीत मार्गी लावला. महाबळेश्वरला उगम पावलेल्या नदीच्या पाण्याचा वाटा असा मद्रासकडे निघाला.

चौथं काम माझ्या घरात शिरलं, म्हणून ते जरा सविस्तर. वडिलोपार्जित मालमत्तेत मुलीला मुलाइतकाच जन्मसिद्ध हक्क देणारी दुरुस्ती आंध्र प्रदेशानं १९८६ मध्ये केली आणि ती ५ सप्टेंबर १९८५ पासून लागू झाली. असा हक्क देणारं हे पहिलं राज्य. महाराष्ट्रानं १९९४ मध्ये केलं, साऱ्या देशाला २००५ पर्यंत थांबावं लागलं. पण त्यात एक अट होती. त्या तारखेआधी लग्न झालेल्या मुलींना हा हक्क नाही.

माझ्या मोठ्या मावशीचं लग्न १९८३ मधलं, आईचं १९८७ मधलं. काचीगुड्याच्या वडिलोपार्जित घराची वाटणी झाली तेव्हा कागदावर आईचं नाव आलं, मावशीचं आलं नाही. एकाच घरात, एकाच ताटात जेवलेल्या दोन बहिणी. मावशी तेव्हा एवढंच म्हणाली, "माझं लग्न जरा घाईनंच झालं." त्यानंतर दोघींनी हा विषय कधी काढला नाही. मी लहान असताना आई रामारावांचा फोटो आला की आदरानं पेपर बाजूला ठेवायची आणि मावशी पान उलटायची. तेव्हा मला कळायचं नाही. आता कळतं. सरकारच्या एका निर्णयाकडे बघणाऱ्या त्या दोन नजरा आहेत, आणि मला त्यांतली एकही खोटी म्हणता येत नाही.

५. दुसरी बाजू

आता वाद. ते टाळून लेख लिहिला तर ती आरती होईल.

सत्तेवर येताच, फेब्रुवारी १९८३ मध्ये, त्यांनी सरकारी नोकरांच्या निवृत्तीचं वय ५८ वरून ५५ वर आणलं. हजारो घरांचा हिशोब एका रात्रीत चुकला, संप झाले, शेवटी वय पुन्हा ५८ करावं लागलं. १९८५ मध्ये विधान परिषदच बरखास्त केली. १९८९ च्या सुरुवातीला एकाच फटक्यात ३१ मंत्र्यांना, म्हणजे सगळ्या मंत्रिमंडळाला, घरी पाठवलं. भगवी वस्त्रं घालून सचिवालयात यायचे. दिग्दर्शक जसा सेटवर एकटाच बोलतो तसं सरकार चालायचं, असं त्यांचे टीकाकार म्हणत, आणि त्यात तथ्य होतं.

पण सगळ्यात मोठा डाग वेगळा आहे. १७ जुलै १९८५ ला प्रकाशम जिल्ह्यातल्या कारमचेडू गावात सवर्ण जमीनदारांनी दलित वस्तीवर हल्ला केला. सहा दलितांचा खून झाला, बायकांवर अत्याचार झाले. वाचलेली माणसं चिरालाला पळाली. हल्लेखोर ज्या जातीचे होते त्याच जातीचे मुख्यमंत्री होते. या घटनेतून आंध्रातली दलित महासभा उभी राहिली. कत्ति पद्माराव आणि बोज्जा तारकम हे तिचे नेते.

आता ते दुर्योधनाचं भाषण आठवा. जात विचारू नका म्हणणारा पडद्यावरचा आवाज आठ वर्षांपूर्वीच गाजला होता. त्या आवाजाच्या राज्यात कारमचेडू घडलं. मी असं म्हणत नाही की ते भाषण ढोंग होतं. मी एवढंच म्हणतो, की संवाद म्हणणं आणि गावात पोलीस वेळेवर पोचवणं ही दोन वेगळी कामं आहेत, आणि दुसऱ्याला टाळ्या नसतात. दलित साहित्य वाचणाऱ्या आपल्या मराठी विद्यार्थ्यांना हे जास्त सांगायला नको.

स्वाभिमानाच्या घोषणेलाही दुसरी बाजू होती. टँकबंडवर त्यांनी तेलुगू महापुरुषांचे पुतळे उभे केले. पण १० मार्च २०११ ला, वेगळ्या तेलंगणासाठीच्या मोर्चात, त्यातलेच काही पुतळे लोकांनी पाडले. तेलंगणातल्या माणसाला त्या रांगेत आपली माणसं पुरेशी दिसली नव्हती. 'आपण सगळे तेलुगू' म्हणताना त्यातलं 'आपण' कोण, हा प्रश्न राहिलाच होता. मराठवाडा आणि तेलंगणा १९५६ पर्यंत एकाच हैदराबाद राज्यात होते. त्यामुळं मोठ्या भावाच्या घरात धाकट्याला काय वाटतं, हे औरंगाबाद-नांदेडकडून आलेल्या आपल्या घरांना सांगावं लागत नाही.

६. दोनदा गेलेली खुर्ची

खुर्ची पहिल्यांदा गेली ऑगस्ट १९८४ मध्ये. अमेरिकेत हृदयाची शस्त्रक्रिया करून ते परतले होते. राज्यपाल रामलाल यांनी त्यांना बडतर्फ केलं आणि त्यांच्याच पक्षातल्या नादेंड्ल भास्करराव यांना मुख्यमंत्री केलं. रामाराव चाकाच्या खुर्चीत बसून, आमदारांना घेऊन दिल्लीला राष्ट्रपतींसमोर उभे राहिले. देशभरचे विरोधी पक्ष एक झाले. महिन्याभरात, १६ सप्टेंबरला, त्यांना पद परत द्यावं लागलं. त्याच डिसेंबरात काँग्रेसची लाट असताना तेलुगू देशमनं लोकसभेच्या ३० जागा जिंकल्या आणि तो सगळ्यात मोठा विरोधी पक्ष झाला. राज्यपालानं बहुमत राजभवनात मोजायचं की सभागृहात, हा धडा देशाला इथून मिळाला.

१९८९ मध्ये ते हरले. नेल्लोर जिल्ह्यातल्या दुबगुंट्यापासून पेटलेलं बायकांचं दारूविरोधी आंदोलन त्यांनी ओळखलं आणि दारूबंदीचं वचन दिलं. डिसेंबर १९९४ मध्ये तेलुगू देशमला एकट्याला २१६ जागा मिळाल्या. शपथ घेताच दारूबंदीवर सही केली.

आणि नऊ महिन्यांत खुर्ची दुसऱ्यांदा गेली. १९९३ मध्ये त्यांनी लक्ष्मीपार्वती यांच्याशी लग्न केलं होतं. त्यांची चरित्रकार म्हणून त्या घरात आल्या होत्या. पक्षात त्यांचं वजन वाढतंय या कारणावरून ऑगस्ट १९९५ मध्ये आमदार जावयामागे गेले. हुसेनसागराजवळच्या हॉटेलात ते एकत्र ठेवले होते. रामाराव तिथं गेले तेव्हा त्यांच्यावर चपला फेकल्या गेल्या. १ सप्टेंबरला जावई चंद्राबाबू नायडू मुख्यमंत्री झाले. रामारावांनी ध्वनिफीत काढली, तिचं नाव 'जामाता दशमग्रहम'. जावई हा दहावा ग्रह ही म्हण आपल्याकडंही चालते, पण ती म्हणताना आपण हसतो. १८ जानेवारी १९९६ ला हैदराबादेतल्या घरी त्यांचं निधन झालं.

१९८४ मध्ये राज्यपालानं काढलं तेव्हा लोक रस्त्यावर आले. १९९५ मध्ये घरच्यांनी काढलं तेव्हा लोक घरात बसले. मला वाटतं, या दोन वर्षांमधला फरक हाच या चरित्राचा गाभा आहे. पहिल्या वेळी लोकांना आपला अपमान झाल्यासारखं वाटलं. दुसऱ्या वेळी ती एका घरातली भाऊबंदकी वाटली. कारण तोवर पक्ष हा लोकांचा न राहता घरचाच झाला होता, आणि तो तसा करणारे स्वतः रामारावच होते. समाज हे देऊळ आणि लोक हेच देव, ही त्यांच्या पक्षाची घोषणा. देवळाची किल्ली मात्र घरात राहिली.

७. मग माप कसं काढायचं?

बैठकीत शेवटी त्या मुलीनं विचारलं होतं, "म्हणजे नटाला मत द्यावं की नाही, सर?" तेव्हा तास संपला होता. आता उत्तर देतो. नट आहे म्हणून देऊ नये आणि नट आहे म्हणून नाकारूही नये. तीन गोष्टी विचाराव्यात. हा माणूस आपल्याकडे चालत आला का, की आपण त्याच्या बंगल्यासमोर उभे आहोत? त्यानं केलेल्या कायद्यात कोण आत आलं आणि कोणत्या तारखेनं कोण बाहेर राहिलं? आणि तो गेल्यावर मागे काय उरतं, नियम की नातेवाईक?

रामाराव पहिल्या प्रश्नात पूर्ण गुणांनी पास होतात. दुसऱ्यात आई त्यांना पास करते, मावशी नाही. तिसऱ्यात दोन्ही उरलं. नियमांपैकी मुलींच्या हक्काचा नियम देशानं घेतला, आणि २००५ च्या दुरुस्तीत ती लग्नाच्या तारखेची अटही गेली. आमच्या घराची वाटणी तोवर होऊन गेली होती, ही गोष्ट वेगळी.

अभ्यासासाठी

१. 'मायाबाजार' उपशीर्षकांसह पाहा. कृष्णाचा अधिकार संवादातून किती आणि नुसत्या हसण्यातून किती दिसतो, ते टिपून आणा.

२. 'आडपडुचुलू' आणि 'माहेरवाशीण' या दोन शब्दांवर एक पान लिहा. राजकारणात नात्याचे शब्द वापरल्यानं हक्क मिळतो की उपकार?

३. महाराष्ट्रात आजवर एकही सिनेनट मुख्यमंत्री झाला नाही. नाटक, सिनेमा आणि चळवळ यांचं आपल्याकडचं नातं पाहून कारणं शोधा.

४. घरी आजी, आई, आत्या, मावशी यांना विचारा : वाटणीच्या कागदावर तुमचं नाव होतं का? विचारताना जपून विचारा, आणि उत्तर मिळालं नाही तर तेही लिहून आणा.